गाणं कुठेही बनतं, पिकतं बेटावर

नाशिकच्या एका तरुण प्रोड्यूसरने विचारलंय : "दर उन्हाळ्यात इबिझाच्या क्लबमधून एखाद-दुसरं गाणं उठतं आणि सप्टेंबरपर्यंत सगळीकडे वाजायला लागतं. ही गाणी तिथेच बनतात का? कुठलं गाणं चालणार हे ठरवतं कोण? आणि मी घरच्या खोलीत बनवलेला ट्रॅक तिथपर्यंत पोचवायचा तर काय करावं लागेल?"

पहिल्या प्रश्नाचं उत्तर एका शब्दात संपतं : नाही. बाकीच्या दोघांसाठी जरा बैठक मारावी लागेल.

आधी माझ्याबद्दल, म्हणजे पुढचं किती मानायचं ते तुम्हाला ठरवता येईल. मी बावीस वर्षं डीजे म्हणून वाजवतोय, मुख्यतः पुण्यात आणि गोव्यात. त्यातले चार उन्हाळे इबिझावर, म्हणजे स्पेनच्या त्या क्लबांच्या बेटावर, काढले. मोठ्या क्लबच्या मुख्य कन्सोलवर मी कधीच उभा राहिलो नाही. दोन सीझन किनाऱ्यावरच्या बारमध्ये दुपार कलताना वाजवलं, म्हणजे लोक उन्हात भाजून आलेले असतात आणि त्यांचं सगळं लक्ष बर्फाकडे असतं तेव्हा. पुढचे दोन सीझन एका छोट्या रेकॉर्ड लेबलसाठी प्रोमो, म्हणजे डीजेंना द्यायच्या गाण्यांच्या प्रती, वाटले : खिशात यूएसबी, हातात नावांची यादी, आणि रात्री अकरापासून उजाडेपर्यंत या क्लबातून त्या क्लबात. गाणं मोठं होताना बघायचं असेल तर कन्सोल ही वाईट जागा. तिथून फक्त आजची रात्र दिसते. बाजार दिसतो हमालाला.

कोकणातल्या माणसाला माझं म्हणणं लगेच कळेल. हापूस झाडावरून उतरवतात तो तयार, पण कच्चा. मग अढी घालतात : पेंढ्याचा थर, त्यावर आंबे, त्यावर पुन्हा पेंढा. ऊब कोंडते, एक आंबा दुसऱ्याला पिकवतो, आणि आठ-दहा दिवसांनी वास सुटतो. इबिझा ही अढी आहे. गाणं बर्लिनमध्ये, पॅरिसमध्ये, इटलीत, कुठल्याही खोलीत बनतं. बेटावर ते पिकतं. आणि अढीत घातलेलं प्रत्येक फळ काही पेटीत जात नाही, हे बागायतदाराला सांगावं लागत नाही.

ही ऊब कोंडते कशी, ते जागा बघितल्याशिवाय कळत नाही. बेट साधारण ५७० चौरस किलोमीटरचं, म्हणजे मुंबई शहर आणि उपनगरं मिळून होतात त्याहून जरा लहान. इबिझा शहर एका टोकाला, सान अंतोनिओ दुसऱ्या टोकाला, मध्ये जेमतेम पंधरा किलोमीटर रस्ता आणि त्याच रस्त्यावर सान राफाएल गावाजवळ दोन अवाढव्य क्लब. मे महिन्यात ओपनिंग पार्ट्या होतात, ऑक्टोबरच्या सुरुवातीला क्लोजिंग, आणि मग बेट जवळपास झोपतं. मधल्या वीसेक आठवड्यांत प्रत्येक क्लबचा प्रत्येक वार ठरलेला असतो. सोमवार म्हटलं की डीसी टेन क्लबमधली सर्कोलोको पार्टी, १९९९ पासून. रविवारी पाचा क्लबमध्ये सोलोमुन हा डीजे. आपल्याकडे आठवडी बाजाराचे वार असतात, तसे.

आता हिशेब करा. पर्यटक येतो आठवडाभरासाठी, फार तर दहा दिवस. डीजे मात्र दर आठवड्याला त्याच वाराला, त्याच कन्सोलवर परत येतो. म्हणजे एकच गाणं तो सीझनभरात वीस वेगवेगळ्या जमावांना ऐकवतो, आणि हे वीस जमाव लंडन, मिलान, माद्रिद, ॲमस्टरडॅम, हँबर्गला परत जातात. जगात दुसरीकडे डीजेला हे क्वचितच मिळतं. पुण्यात मी एखादा ट्रॅक सलग चार शनिवार वाजवला तर पाचव्याला तेच चेहरे समोरून ओरडतात, "दादा, बदला आता!" तिथे असं ओरडायला कोणी उरतच नाही. जुने गेले, नवे आले, आणि नव्यांसाठी ते गाणं नवंच.

उलट दिशेनेही हाच हिशेब चालतो. एखादी मँचेस्टरची मुलगी आठवड्यासाठी आलीय. हॉटेलच्या पूलवर दुपारी एक गाणं कानावर पडतं, तिचं लक्षही नसतं. संध्याकाळी बोटीवर तेच. रात्री सान अंतोनिओच्या बारमध्ये क्लबला जायच्या आधी तेच. मग पहाटे चारला, दहा हजार वॉटच्या नाही, त्याच्या कितीतरी पट मोठ्या सिस्टिमवर, धूर आणि घामाच्या वाफेत तेच गाणं येतं तेव्हा तिला वाटतं हे माझं गाणं आहे. तिने ते निवडलंय अशी तिची पक्की समजूत असते. वाजवणारे चार जण वेगवेगळे, एकमेकांशी न बोललेले. "कोण ठरवतं?" या तुमच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथे आहे : चार जणांनी न ठरवता एकाच गाण्याला हात घातला की ते ठरलं. एक मोठा डीजे रोज वाजवतो याला काही अर्थ नसतो. बहुतेक वेळा ते त्याच्याच लेबलचं असतं, तो वाजवणारच. मी प्रोमो वाटायचो तेव्हा माझी खूण एकच होती : हे गाणं दुसऱ्या पंथाच्या, म्हणजे वेगळ्या प्रकारच्या संगीताच्या, रात्री ऐकू आलं का? टेक्नोवाल्याने हाउसचा ट्रॅक चोरून सेटच्या शेवटी लावला, की समजायचं, वास सुटला.

हे सगळं यंत्र कोणी आखून बसवलेलं नाही, म्हणून थोडा इतिहास. पाचा इथे १९७३ मध्ये उघडला, ॲम्नेशिया १९७६ मध्ये, एका जुन्या शेतघरात. त्याचं अंगण उघडं, वर आभाळ. १९८४ च्या सुमारास तिथे अल्फ्रेडो फिओरितो वाजवायला लागला. हा मूळचा अर्जेंटिनाच्या रोझारिओचा, लष्करी राजवटीच्या काळात देश सोडून आलेला. सुरुवातीला अंगणात चिटपाखरू नसायचं. त्याने स्वतः अनेकदा सांगितलेली हकीकत अशी की एका रात्री क्लब रिकामाच बंद झाला, कामगार पगाराची वाट बघत बसले होते, आणि ते म्हणाले, आमच्यासाठी वाजव की काहीतरी. शेजारचा कू क्लब सुटला होता. तिथून घरी निघालेले लोक संगीत ऐकून आत वळले. दुसऱ्या दिवशी आणखी आले. तेव्हापासून ॲम्नेशिया इतर क्लब बंद व्हायच्या वेळेला रंगात यायला लागला आणि दुपारपर्यंत चालायला लागला. अल्फ्रेडो डिसेंबर २०२४ मध्ये गेला. आजच्या अर्ध्याअधिक डीजेंना त्याचं नाव माहीत नाही, पण त्याच्याच रानात चरतात सगळे.

तो वाजवायचा काय? जे सापडेल ते. शिकागोहून आलेलं हाउस, इंग्लंडचा द वुडनटॉप्स नावाचा गिटारवाला बँड, एल्किन आणि नेल्सन या भावांचं १९७४ चं 'हिबारो'. रात्रीचे आठ तास भरायला एका प्रकारचं संगीत पुरणारच नाही, आणि बेटावर तेव्हा रेकॉर्डही मिळायची मारामार. ऑगस्ट १९८७ मध्ये लंडनहून पॉल ओकनफोल्ड, डॅनी रॅम्पलिंग, निकी हॉलोवे आणि जॉनी वॉकर हे चार डीजे ओकनफोल्डच्या वाढदिवसासाठी इबिझाला आले आणि त्या अंगणात उजाडेपर्यंत उभे राहिले. परत गेल्यावर वर्ष संपायच्या आत रॅम्पलिंगने साउथवर्कमधल्या एका जिममध्ये 'शूम' सुरू केलं, पुढच्या वर्षी ओकनफोल्डने हेवन क्लबात 'स्पेक्ट्रम', हॉलोवेने 'द ट्रिप'. ओकनफोल्डने 'इलेक्ट्रा' या नावाखाली 'हिबारो' नव्याने करून १९८८ मध्ये विकलं. चौदा वर्षं जुनं स्पॅनिश गाणं, लंडनमध्ये एकदम ताजं. या सगळ्या प्रकाराला इंग्रजांनी, इबिझा ज्या बेटसमूहात आहे त्यावरून, 'बॅलेॲरिक बीट' असं नाव देऊन कप्पा केला. अल्फ्रेडोच्या डोक्यात असला काही कप्पाच नव्हता.

इथून पुढे जे चक्र लागलं ते ब्रिटनशिवाय कळत नाही, आणि मला वाटतं लोक इथेच चुकतात. बेट ऊब देतं, पण पेटी ब्रिटनमध्ये भरली जायची. बीबीसी रेडिओ वनवर पीट टाँगचा शुक्रवार संध्याकाळचा कार्यक्रम १९९१ पासून होता. १९९५ पासून रेडिओ वन उन्हाळ्यात थेट इबिझाहून प्रसारण करायला लागला. ज्यांना सुट्टी परवडली ते बेटावर ऐकायचे, नाही परवडली ते स्वयंपाकघरातल्या रेडिओवर. परतलेली पोरं दुकानात जाऊन विचारायची, "ते नाही का, पियानोवालं, मध्ये सगळं थांबतं ते?" आणि काउंटरवर गुणगुणून दाखवायची. दुकानदाराकडे ते असायचं नाही, कारण ते अजून निघालेलंच नसायचं. बेटावर वाजत होती ती व्हाइट लेबलची प्रत : पाचशे-हजार छापलेल्या, कोऱ्या पांढऱ्या लेबलच्या, फक्त डीजेंना दिलेल्या. मागणी आधी, माल नंतर. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये माल आला की पहिल्याच आठवड्यात विक्रीच्या चार्टच्या डोक्यावर.

१९९८ चं उदाहरण मला फार आवडतं, कारण त्यात या यंत्राचा सांगाडा दिसतो. बॉब सिंक्लार या फ्रेंच निर्मात्याच्या अल्बमवर 'जिम टॉनिक' नावाचा ट्रॅक होता, त्यात डाफ्ट पंकच्या तोमा बँगाल्तेचा हात. अभिनेत्री जेन फोंडाच्या व्यायामाच्या रेकॉर्डमधला मोजणीचा आवाज उचललेला. त्या उन्हाळ्यात तो सगळीकडे वाजला. पण त्या आवाजाची परवानगी नव्हती आणि सिंगल काही निघालं नाही. मागणी तर तयार, पिकून घमघमतेय. शेवटी स्पेसडस्ट नावाच्या दुसऱ्याच जोडीने तसंच गाणं नव्या आवाजात करून 'जिम अँड टॉनिक' या नावाने काढलं आणि ऑक्टोबरमध्ये ते ब्रिटनमध्ये पहिल्या नंबरवर गेलं. अढी एकाची, पेटी दुसऱ्याची. २००४ मध्ये एरिक प्रिड्झचं 'कॉल ऑन मी' आलं. त्यात स्टीव्ह विनवूडच्या जुन्या 'व्हॅलरी'चा तुकडा. या वेळी मात्र विनवूडला तो आवडला आणि त्याने तेवढ्यापुरतं पुन्हा गाऊन दिलं. सप्टेंबरमध्ये पहिला नंबर. सॅम्पलच्या, म्हणजे दुसऱ्याच्या गाण्यातून उचललेल्या तुकड्याच्या, परवानगीचा विषय कंटाळवाणा वाटतो ना? ही दोन गाणी शेजारी ठेवून बघा.

जुन्या गाण्याचा तुकडा इतक्यांदा का सापडतो, यावर माझं एक मत आहे. अँथम म्हणजे पहिल्यांदा ऐकतानाच अर्धवट ओळखीचं वाटणारं गाणं. रॉजर सांचेझचं २००१ चं 'अनदर चान्स' घ्या, त्यात टोटो बँडच्या १९८२ च्या संथ गाण्याची एक ओळ घुमत राहते. मोजोचं 'लेडी', २००० सालचं, त्यात शीक बँडची गिटार. स्पिलरचं 'ग्रूव्हजेट' आधी बिनशब्दांचंच होतं, कॅरल विल्यम्सच्या सत्तरच्या दशकातल्या डिस्को गाण्यावर उभं. नंतर सोफी एलिस-बेक्स्टरचा आवाज चढवला आणि ऑगस्ट २००० मध्ये ते पहिल्या नंबरवर गेलं. नाव मायामीतल्या क्लबचं, बनवणारा इटालियन. आपल्या भजनी मंडळांना हे तंत्र शंभर वर्षांपासून येतं : नाट्यगीताची चाल, अभंगाचे शब्द, आणि पहिल्याच दिवशी सगळा मांडव साथ देतो.

बेटाचं नाव मिरवणारी गाणी मात्र बहुधा क्लबबाहेरचीच. व्हेंगाबॉइजचं १९९९ चं गाणं चार्टवर वर गेलं, पण सान राफाएलच्या एकाही मोठ्या कन्सोलवर मी ते ऐकलेलं नाही, आणि लावलं असतं तर त्या डीजेला बेट सोडावं लागलं असतं. माइक पोस्नरचं इबिझात गोळी घेतल्याचं गाणं मूळचं गिटारवरचं रडगाणं होतं. सीब या नॉर्वेच्या निर्मात्यांनी त्याला पाय दिले. एक ठळक अपवाद आहे आणि तो गमतीशीर आहे. सान अंतोनिओच्या किनाऱ्यावर कॅफे देल मार १९८० पासून आहे, सूर्यास्तासाठी प्रसिद्ध, आणि तिथे होसे पादिया जे वाजवायचा त्यावर नाचता येणं कठीण. त्याच नावाचा एनर्जी ५२ चा ट्रॅक १९९३ मध्ये किड पॉल आणि कॉस्मिक बेबी यांनी जर्मनीत बनवला, आणि त्यातली सुरावट बेल्जियन संगीतकार विम मर्टेन्सच्या १९८३ च्या रचनेतली. म्हणजे सूर बेल्जियमचा, हात जर्मनीचे, नाव स्पेनचं. तरीही तो अँथम झाला १९९७ मधल्या थ्री एन वनच्या रीमिक्सनंतर. चार वर्षं फळ कच्चंच होतं.

'सुएन्यो लातिनो'ची कथा तर आणखी लांब. मानुएल ग्यॉट्शिंगने डिसेंबर १९८१ मध्ये बर्लिनच्या आपल्या स्टुडिओत एका बैठकीत तासभराची 'ई२-ई४' वाजवली, १९८४ मध्ये ती निघाली, फार कोणी विचारलं नाही. १९८९ मध्ये इटालियन निर्मात्यांनी तिच्या लूपवर बाईचा कुजबुजता स्पॅनिश आवाज टाकला. पहाटेचं गाणं ते. मी एकदा ते साडेसहाला ऐकलंय, आत उजेड शिरत होता, बारमागचा पोरगा टेबलं पुसायची थांबला होता.

या पोराबद्दल सांगायलाच हवं. सेव्हिलचा, वीस-एकवीस वर्षांचा, मी वाजवायचो त्या बारमध्ये ग्लास धुवायचा. पर्यटक बदलतात म्हणून गाणं शिळं होत नाही, असं मी वर म्हटलं, पण बेटावर एक जमात अशी असते की तिच्यासाठी ते शिळं होतंच : बारवाले, सफाईवाले, तिकिटं विकणारी पोरं, टॅक्सीवाले, बोटीवरचे खलाशी. तीच गाणी ते पाच महिने दिवसातून दहादा ऐकतात. जुलैत मी एखादा ट्रॅक लावला की हा पोरगा नळ मोठा सोडायचा. मुद्दाम. पाण्याच्या आवाजात गाणं बुडावं म्हणून. तीन ट्रॅकना मात्र त्याने सप्टेंबरच्या शेवटपर्यंत नळ सोडला नाही. त्यातले दोन पुढच्या वर्षी पुण्याच्या लग्नांत वाजत होते. मला आजवर भेटलेला तो सर्वांत भरवशाचा परीक्षक.

आता ट्रॅकच्या आतलं. तुम्ही प्रोड्यूसर आहात म्हणून हे थोडं सविस्तर, पण नुस्खा समजू नका. समोर दहा भाषांचे लोक आहेत, म्हणून शब्द थोडे लागतात आणि तेही ओरडता येण्यासारखे. अनेकदा शब्दांपेक्षा स्वर मोठा असतो. सुरुवातीचे बत्तीस बार, म्हणजे तालाची आवर्तनं, फक्त ताल ठेवा, नाहीतर दुसऱ्या डीजेला तुमचं गाणं मिसळताच येणार नाही, आणि न मिसळणारं गाणं कितीही गोड असो, रात्री दोनला कोणी धोका पत्करत नाही. बेस मोनो, म्हणजे दोन्ही स्पीकरांत सारखाच, ठेवा. मग मधला भाग, जिथे किक, म्हणजे ड्रमचा मुख्य ठोका, जाते आणि गाणं एकदम उघडं पडतं. नवशिके इथे सगळे आवाज वाढवत नेतात, स्नेअरची घोडदौड, वर जाणारा शिट्टीसारखा आवाज, आणि मग धाडकन. मोठ्या गाण्यांत बघा, बहुतेकदा उलट असतं. तिथे एकच गोष्ट उरते, एक पियानो किंवा एक ओळ, आणि पब्लिक ती रिकामी जागा स्वतःच्या आवाजाने भरतं. तेवढी जागा सोडायला हिंमत लागते. वेग मिनिटाला १२० ते १२८ ठोक्यांच्या मध्ये कुठेतरी. त्याच्या वर गेलात तर पूलवरच्या दुपारी तुमचं गाणं लागणार नाही, आणि पूल सुटला की चारांतली एक जागा गेली.

डीसी टेन विमानतळाच्या धावपट्टीला इतका चिकटून आहे की उतरणारं विमान डोक्यावरून जातं. पहिल्यांदा ते बघितलं तेव्हा मी वाजवणाऱ्याकडे पाहत होतो. त्याने काहीच केलं नाही, हाय-हॅट, म्हणजे झांज, तेवढी काढली. अंगणातल्या सगळ्यांनी हात वर केले, विमानाला. त्या विमानात नवा आठवडा बसलेला होता.

गोव्याचा प्रश्न यायचाच, म्हणून तोही घेतो. हिप्पींचा उन्हाळा इबिझाला आणि हिवाळा गोव्याला, हा फेरा साठ-सत्तरच्या दशकांपासूनचा, त्यामुळे दोन्ही जागा नात्यातल्याच. हणजुण्याच्या किनाऱ्यावर गोवा गिल हा डीजे आणि इतर मंडळी रात्रभर वाजवायची, पण विनाइलवर नाही : उष्णतेत रेकॉर्ड वाकतात, म्हणून आधी कॅसेट, मग डॅट टेप. या टेप हातोहात फिरायच्या, माणूस माणसाला कॉपी करून द्यायचा. जमाव महिनोन्महिने तोच. त्यांच्या गावी वाट बघणारा रेडिओ नाही, चार्ट नाही, दुकान नाही. म्हणून गोव्यातून निघाली ती एक अख्खी शैली, गोवा ट्रान्स. अँथम नाही निघाले. ओकनफोल्डने डिसेंबर १९९४ मध्ये बीबीसीवर दोन तासांचा 'गोवा मिक्स' वाजवला तेव्हा ब्रिटनला ती कळली. २००७ मध्ये कांदोळीला सनबर्न सुरू झालं, २०१६ मध्ये ते पुण्याला आलं, पण तीन-चार दिवसांच्या महोत्सवात अढी लागत नाही, ऊब धरायच्या आत मांडव उतरतो. शिवाय उघड्यावर रात्री दहाला स्पीकर बंद. कायद्याची गरज मला समजते, माझी आईही रुग्णालयाशेजारी राहते. पण अँथम पिकतो तो काळ रात्री दोन ते सकाळी सात, आणि तो आपल्याकडे उघड्यावर मिळत नाही. इबिझालाही आवाजाच्या तक्रारींमुळे १९९० च्या सुमारास अंगणांवर छपरं चढवावी लागली. तरी रात्र शाबूत राहिली.

फोनने काय बदललं? शोधणं सोपं झालं. २००२ मध्ये ब्रिटनमध्ये शझाम आलं तेव्हा २५८० हा नंबर फिरवून फोन स्पीकरकडे धरायचा आणि एसएमएसने नाव यायचं. आम्हाला ते जादूटोण्यासारखं वाटायचं. आज उलटी मजा आहे, शझामला जे सापडत नाही त्याच्याच मागे लोक लागतात. व्हाइट लेबलची जागा क्लिपने घेतली. फिशर 'लूझिंग इट' बाहेर काढण्याआधी कितीतरी दिवस वाजवत होता, २०१८ च्या जुलैत काढलं तेव्हा पब्लिक तयार होतं. २०२४ मध्ये ॲडम पोर्ट आणि मंडळींचं 'मूव्ह' असंच क्लिपांवर आधी पसरलं. पण इथे एक गडबड आहे. पंधरा सेकंदांच्या क्लिपवर पिकलेलं गाणं कधीकधी कार्बाइडच्या आंब्यासारखं निघतं : वरून पिवळंधमक, आत आंबट. तो तुकडा आला की फोन वर, तुकडा गेला की फोन खाली, उरलेली पाच मिनिटं फ्लोअर मरतो. 'कोला' आठवा, कॅमलफॅट आणि एल्डरब्रुकचं. जून २०१७ मध्ये निघालं, बेटावर सीझनभर मुरलं, पुढे ग्रॅमीचं नामांकन मिळालं. त्याला उडी मारायची घाई नव्हती. अजूनही लावलं तर चालतं.

आता तुमचं. फेब्रुवारी-मार्चमध्ये ट्रॅक तयार हवा, ऑगस्टमध्ये नको. ऑगस्टमध्ये सगळ्यांच्या बॅगा भरलेल्या असतात. मोठ्या नावांना पाठवण्यात वेळ घालवू नका. रात्री अकरा ते एक वाजवणारा, क्लबचाच पगारी रेसिडेंट डीजे शोधा. त्याला दर आठवड्याला दोन तास भरायचे असतात, आणि मोठ्या पाहुण्यांची गाणी आधी वाजवायची त्याला मुभा नसते. त्यामुळे अनोळखी, चांगल्या मालाची त्याला कायम भूक. मुख्य पाहुणा मागे उभा राहून ऐकत असतो. "हे काय आहे?" असं विचारतो. त्या प्रश्नासाठीच सगळी धडपड. लांब आवृत्ती, बिनगाण्याची आवृत्ती, दोन्ही द्या. सॅम्पल असेल तर परवानगी आधी. रचनेची नोंद आयपीआरएसकडे, म्हणजे गीतकार-संगीतकारांचे हक्क सांभाळणाऱ्या संस्थेकडे, आधी.

आणि फाइलला नाव द्या. हसू नका. माझा स्वतःचा एक ट्रॅक अशाच एका रेसिडेंटला आवडला होता. सलग तीन आठवडे त्याने तो रात्री साडेबाराला लावला, दुसऱ्या आठवड्यात पाहुण्याने फाइल मागून घेतली. ती यूएसबीवरून यूएसबीवर गेली, कुठे कुठे वाजली कोण जाणे. फाइलचं नाव होतं 'नवीन फायनल खरंच फायनल ३'. आत ना माझं नाव, ना ईमेल. लेबल म्हणालं की दिवाळीच्या सुमारास काढू, घाई कसली. दिवाळीत तो निघाला, कोणी ऐकला नाही. पुढच्या उन्हाळ्यात एका बोटीवर मी तो ऐकला. वाजवणाऱ्याला विचारलं हा कोणाचा. म्हणाला, माहीत नाही रे, कुठल्याशा रशियन माणसाचा असावा, नाव विचित्र अक्षरांत आहे.

बेटावर जायचं का, असंही तुम्ही विचाराल. जायचंच असेल तर जुलै-ऑगस्टात जाऊ नका, खोलीच्या भाड्यात इथे चांगले स्टुडिओ स्पीकर येतील. सप्टेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात जा. दुपारी किनाऱ्यावरच्या एखाद्या बारमध्ये नळाजवळचं स्टूल पकडा, आणि ग्लास धुणाऱ्याला विचारा की यातली कुठली गाणी त्याला अजून सहन होतात.